मालक, मुद्रक, प्रकाशक वगैरे

आंबागडच्या पायथ्याशी राहून तुमसरहून साप्ताहिक काढणाऱ्या आमच्या संपादकांना गावात 'पेपरवाले' म्हणतात आणि पेपर टाकणाऱ्या पोराला 'संपादक'. मोटारसायकलवर 'प्रेस' ही अक्षरं नंबरापेक्षा मोठी. अंकाच्या शेवटच्या पानाच्या तळाशी मुंगीएवढ्या टायपात 'मालक, मुद्रक, प्रकाशक, संपादक' अशी ओळ असते. १८६७ च्या इंग्रजी कायद्यानं ही चाल पाडली, ती पकडायचं कुणाला हे सरकारला कळावं म्हणून. आमच्या संपादकांनी मात्र त्या चार पदव्या समजून व्हिजिटिंग कार्डावर छापल्या आहेत. पाचवं काम, घडी घालून पत्त्यांच्या चिठ्ठ्या डकवण्याचं, वहिनी करतात. त्याची तरतूद कायद्यात नाही.

बाळशास्त्री जांभेकरांना ते वर्षातून एकदा मानतात. १८३२ साली ६ जानेवारीला 'दर्पण' निघालं, म्हणून त्या दिवशी पत्रकार दिन, शाल आणि श्रीफळ. पण बाळशास्त्री पडले पंडित. एका रकान्यात मराठी, शेजारच्यात इंग्रजी! असा पूर्वज पेलायला जड. संपादकांचा खरा जीव जडला आहे तो जेम्स ऑगस्टस हिकीवर.

हिकी आयरिश. कलकत्त्यात धंद्यात बुडाला, कर्जापायी तुरुंगात गेला आणि छपाईवर सावरला. २९ जानेवारी १७८० ला त्यानं हिंदुस्थानातलं पहिलं छापील वर्तमानपत्र काढलं. गव्हर्नर जनरल, सरन्यायाधीश, मिशनरी, कुणाला सोडलं नाही. वॉरन हेस्टिंग्जच्या बायकोचं नाव ओढलं तेव्हा टपालातून अंक बंद झाला. पुढे तुरुंग झाला, तर गडी तिथूनही अंक काढी. १७८२ मध्ये छापखानाच जप्त झाला तेव्हा कुठे थांबला.

"आपल्यासारखाच ना जी!" संपादक म्हणतात. म्हणजे कर्जापुरतं.

आपलं पत्र सर्व पक्षांना खुलं, पण मिंधं कुणाचंच नाही, असं हिकी मिरवी. त्यातला पूर्वार्ध आमचे संपादक निष्ठेनं पाळतात. निवडणुकीच्या अंकात वर एक उमेदवार हात जोडून, खाली त्याचा प्रतिस्पर्धी हात जोडून, आणि दोघांनाही 'प्रचंड बहुमताने विजयी करा'. १५ ऑगस्टच्या जाहिरातीचे पैसे थकले की 'सरपंचांचा मनमानी कारभार', मिळाले की 'विकासाचा ध्यास घेतलेलं व्यक्तिमत्त्व'. फोटो दोन्ही वेळेला तोच. रस्त्यातला खड्डा एका ट्रॅक्टरवाल्यानं धानाची पोती सांडू नयेत म्हणून मुरूम टाकून बुजवला, तर पहिल्या पानावर 'आमच्या वृत्ताचा दणका!'

एकदा मात्र या माणसाच्या अंगात हिकी शिरला. धान खरेदीच्या काट्यावर पोत्यामागे जास्तीचं धान कसं काढून घेतात, ते त्यांनी स्वतः पोत्यावर बसून पाहिलं, तणसाच्या कुसळांनी हात खाजवत लिहिलं आणि छापलं. हमालांनी काटा कसा धरला, पारडं कधी सोडलं, सगळं. कुणाची जाहिरात नव्हती, कुणाची उधारीही नव्हती. वहिनी म्हणाल्या, "आता कोन देईल जी जाहिराती?" आणि खरंच, दिवाळी अंक निम्म्या पानांचा निघाला.

शिवाय एका रात्री दारात दोघं येऊन बजावून गेले, "आंबागडचं पानी पाजू!" हा दम परका माणूस समजायचा नाही. देवगडच्या बख्त बुलंद शहाच्या काळात राजाखान पठाणानं बांधलेला हा किल्ला पुढे नागपूरकर भोसल्यांनी तुरुंग म्हणून वापरला, आणि कैद्यांना आतल्या विहिरीचं सडकं पाणी पाजून संपवीत, असं सांगतात. हिकी कलकत्त्याऐवजी मुधोजी भोसल्यांच्या मुलखात उपटला असता, तर तुरुंगातून अंक काढायला एक आठवडा तरी उरता का, कोण जाणे.

दुसरा कुणी असता तर पोलिसांत गेला असता. संपादक आधी छपाईला गेले. 'संपादकास आंबागडचे पाणी पाजण्याची धमकी', वर किल्ल्याचा फोटो, शेजारी स्वतःचा, थोडा मोठा. तो अंक जन्मात पहिल्यांदा हातोहात खपला. तुमसरच्या पानठेल्यांवरून लोक मागून नेत होते. पैसे धान निघाले की देतो, असं सगळ्यांनी सांगितलं आहे.