टाकीखालचा दुष्काळ

मा. कार्यकारिणी सदस्य,


गच्चीवरची 10,000 लिटरची टाकी काढून 20,000 ची बसवली की सातव्या मजल्यावरच्या नळांना ‘फोर्स’ येईल, हा ठराव आपण परवा एकमताने मंजूर केलात. अभिनंदन! पाण्याचा दाब टाकीच्या पोटावर नाही, पाण्याच्या उंचीवर ठरतो, असं पास्कल नावाचे एक फ्रेंच गृहस्थ सतराव्या शतकातच सांगून गेले. पण ते आपले सभासद नव्हते, तेव्हा त्यांचं मत कोण धरणार?

10 मीटर उंचीचं पाणी चौरस सेंटिमीटरला साधारण 1 किलो दाब देतं. टाकीतलं पाणी माझ्या शॉवरच्या जेमतेम अडीच मीटर वर, म्हणजे माझ्या वाट्याला पाव किलो. सेक्रेटरीकाका तळमजल्यावर, आणखी 21 मीटर खाली. त्यांना सव्वादोन किलोंहून जास्त. म्हणून भांडी घासताना त्यांचा सदरा भिजतो आणि मी शॉवरखाली पिंडीसारखा बसतो, वर अभिषेकपात्र. “टाकी तर तुमच्याच डोक्यावर आहे, तुम्हाला कसली ददात?” हे वर त्यांचंच.

ठराव झाल्यावर मी एक आगाऊपणा केला. प्रेशर गेज आणला. एक किलोपर्यंतचाच, मोठ्या गेजवर आमचा काटा जागचा हलला नसता. वॉशिंग मशीनच्या नळाला लावला. हा नळ शॉवरपेक्षा मीटरभर खाली, म्हणून सगळे नळ बंद असताना 0.35. हिशेब चोख. मग बाथरूमचा नळ सोडला, तर काटा शून्याशी जाऊन आडवा झाला. पाणी थांबलेलं असताना दाब आहे आणि वाहू लागताच नाही, याचा अर्थ वाटेत कोणीतरी त्याचा गळा धरलाय.

शॉवरखाली 20 लिटरची बादली लावली. भरायला 6 मिनिटं! शॉवरची जाळी रात्रभर व्हिनेगरमध्ये ठेवली, क्षारांचा थर सुटला (तो दोष माझाच, कबूल). पण बादली तेवढाच वेळ घेत होती. शेवटी गच्चीवर गेलो. आमच्या लाइनचा कॉक अर्धा बंद! दिवाळीत टाकी धुतली, तेव्हापासून तो तसाच असावा. पूर्ण उघडला. बादली अडीच मिनिटांत भरली.

आता उरला तो पाव किलोच. तो वाढवायचा तर टाकी उंच करा, नाहीतर वरच्या मजल्याच्या लाइनला छोटा प्रेशर पंप बसवा. सभेत कोणीतरी सुचवलेला, थेट महापालिकेच्या लाइनला लावायचा पंप मात्र नको. तो बेकायदा आहे, शिवाय त्याच्या ओढीने पाइपाच्या फटींतून गटारही घरात येतं.

आपला,
टाकीखालचा सभासद

ता. क. : गेज सोसायटीच्या ऑफिसात ठेवला आहे. तो कोणाच्या ताब्यात असावा, यासाठी कृपया उपसमिती नेमू नये.