एक जूनचे लोक

बीड जिल्ह्यातली निम्मीअधिक माणसं एक जूनला जन्मली असावीत, असं कागद बघून वाटतं. आई-बाप दिवाळीच्या सुमारास कोयता घेऊन सांगली-कोल्हापूरकडं ऊसतोडीला गेलेले असोत, बाळ भर थंडीत फडातल्या कोपीवर झालेलं असो, तारीख एक जूनच. कारण शाळा जूनमध्ये भरते, पहिलीला वय पुरं लागतं आणि गुरुजी हुशार असतात. सटवाईनं पाचवीला लिहिलेलं एकवेळ पुसेल. गुरुजींनी दाखलखारीज रजिस्टरात लिहिलेलं पुसत नाही. 31 मे रोजी, एक जूनवाल्यांच्या निवृत्तीला, सरकारी कचेऱ्यांत निरोपाच्या हारांचा भाव चढतो, तो याच गुरुजींच्या पुण्याईनं.

एरवी यात कुणाचं काही अडत नाही. अडतं ते पासपोर्टला. पोरगं इंजिनिअर होऊन जर्मनीला निघालं, नाहीतर आजोबा उमऱ्याला निघाले, की आयुष्यभर वेगवेगळ्या पिशव्यांत सुखानं राहिलेले कागद पहिल्यांदा समोरासमोर येतात. टीसीवर एक जून, ग्रामपंचायतीच्या दाखल्यावर संक्रांत, आधारवर नुसतंच साल. दहावीच्या सनदेवर आडनावात 'डबल ए', पॅनवर एकच. खिडकीपलीकडचा साहेब विचारतो, यातले तुम्ही कोण?

दुरुस्तीचा कायदेशीर मार्ग आहे. पासपोर्टात खाडाखोड चालत नाही, 'री-इश्यू' होतो. छत्तीस पानांच्या पुस्तिकेचे 1,500 रुपये भरा, नवी पुस्तिका घ्या. अट एवढीच, की आधी बाकीचे कागद एका सुरात बोलले पाहिजेत. नावात मोठा बदल असला तर राजपत्र. महाराष्ट्र शासनाच्या राजपत्रात नाव, जन्मतारीख आणि धर्म बदलल्याची जाहिरात देता येते. पुनर्जन्मात तरी याहून जास्त काय बदलतं? गंमत त्या जाहिरातींच्या डोक्यावरच्या टिपेत आहे. तिचा मतलब असा, की हा मजकूर अर्जदाराच्या सांगण्यावरून, कागद न तपासता छापला आहे. खरेखोटेपणाला शासन जबाबदार नाही. म्हणजे एक सरकार छापून हात झटकतं आणि दुसरं सरकार तेच पान पुरावा म्हणून फायलीला लावतं.

मध्ये प्रतिज्ञापत्र येतं. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राचं मुद्रांक शुल्क राज्यानं 2004 सालीच माफ केलंय. तरी टेबलापलीकडून आवाज येतो, ''शंभरचा बाँड आणा.'' 2024 मध्ये शंभराच्या जागी पाचशेचा मुद्रांक आला, तेव्हा माफ असलेली गोष्टसुद्धा पाचपट महाग झाली.

मग चहाच्या टपरीवर एजंट भेटतो. ''कशाला राजपत्र न् बिजपत्र, दाखलाच नवा काढू.'' त्याला पासपोर्ट कायद्याचं 12 वं कलम माहीत असतं. पण ते साथ देणाऱ्यालाही लागतं, हे मात्र तो सांगत नाही. खोटी माहिती देऊन पासपोर्ट घेतला तर दोन वर्षांपर्यंत कैद, 5,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. शहाणा माणूस विचार करतो आणि जर्मनीलाही एक जूनचाच जन्म सांगतो. गुरुजींचं खोटं रीतसर असतं, त्याला शिक्का असतो. डिसेंबर 2016 मध्ये परराष्ट्र मंत्रालयानं शाळेचा दाखलाही जन्मतारखेचा पुरावा धरायचं ठरवलं, तेव्हा गुरुजी आंतरराष्ट्रीय झाले. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांना मात्र जन्मदाखलाच लागणार. एवढं जुनं खातं सरकारनं गुरुजींकडून काढून घेतलं, साधा निरोपाचा हारही घातला नाही.

आता आमच्या शेजाऱ्यांकडं बघा. औरंगाबाद आणि उस्मानाबादची नावं 2023 मध्ये बदलली, अहमदनगरचं 2024 मध्ये. तीन अख्खे जिल्हे, तिन्ही बीडच्या शिवेला लागून. एकालाही कुणी टीसी मागितली नाही, 'डबल ए' का 'सिंगल ए' विचारलं नाही, बाँड आणायला पिटाळलं नाही. बीड अजून बीडच आहे. ज्यांना पासपोर्टावर जन्मस्थळाचा रकाना भरायचाय, त्यांनी तेवढ्यात उरकून घ्यावं.