सामरी, सिव्हिल इंजिनिअर

नवी मुंबईत मजल्यागणिक एक इंजिनिअर राहतो आणि तरीही वरच्या बाथरूमचं पाणी खाली गळतं. अशा शहरात अनिरुद्ध अग्रवाल यांच्या शहाणपणाचं कौतुक कुणी करू नये, हे काही बरं दिसत नाही.

अग्रवाल रुडकीला शिकलेले स्थापत्य अभियंते. खाडीपलीकडे तेव्हा अख्खं शहर उभं राहायचं होतं. १९६५ साली चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी मुंबईच्या जुळ्या शहराची कल्पना मांडली, १९७० साली ते वसवायला सिडको आली, १९७३ साली वाशीचा खाडीपूल झाला. हाताला काम होतं. सरळमार्गी माणूस स्लॅब ओतत सुखाने निवृत्त झाला असता. अग्रवालांनी रामसे बंधूंकडे भुताचं काम धरलं.

रामसेंचा भयपटांचा कारखाना एकत्र कुटुंबाचा. सात भाऊ, कुणी लेखन, कुणी कॅमेरा, कुणी ध्वनी, कुणी संकलन, तुलसी आणि श्याम दिग्दर्शनाला. बाहेरची माणसं लागत ती मरायला आणि मारायला. तिकडे इटलीतही हेच. दिग्दर्शक मारिओ बावांचे वडील कॅमेरामन आणि मुलगा लाम्बेर्तोही भयपटांचाच दिग्दर्शक. भीती हा पापडासारखा गृहोद्योग आहे, हे दोन्ही देशांना वेळीच उमगलं.

१९८४ साली ‘पुराना मंदिर’ आला. त्यातलं भूत सामरी, म्हणजे अग्रवाल. राजा सामरीचं मुंडकं उडवतो, मुंडकं एकीकडे आणि धड दुसरीकडे ठेवतो. दोन्ही जुळले की सामरी उठणार. नवी मुंबईकराला हे कथानक समजावून सांगावं लागत नाही. इथे जमिनीचा मालक सिडको आणि १९९२ पासून कचरा-पाणी महापालिकेकडे. रस्त्यावरचा खड्डा कुणाचा, हे विचारायला गेलेला माणूस दोन्ही कार्यालयांतून सुखरूप परततो, तो या दूरदृष्टीमुळेच.

नट पारखण्यात मात्र इटली कच्ची निघाली. १९७६ साली तिथल्या सरकारी दूरचित्रवाणीने आपल्या कबीर बेदींना ‘सान्दोकान’ केलं. बोर्निओचा राजपुत्र, वर अख्खी इटली फिदा. आपण इतके उथळ नाही. चारचौघांपेक्षा फार उंच, चेहरा लांबट, जबडा रुंद असा नट दिसला की आपण त्याला थेट भूत करतो. त्याला आणखी काय येतं, ही चौकशी वाचते; निर्मात्याचा वेळही वाचतो. १९८५ साली ‘सामरी’ त्रिमितीत आला. १९९०च्या ‘बंद दरवाजा’त अग्रवाल नेवला झाले, म्हणजे आपला ड्रॅक्युला. रामसेंच्या पडद्यावरची त्यांची मोठी भुतं सहा वर्षांत आटोपली. स्लॅब इतक्यात गळायलाही लागत नाही.

पुढे एक चूक झाली, ती सांगायला हवी. १९९४ साली शेखर कपूर यांनी ‘बँडिट क्वीन’मध्ये त्यांना बाबू गुज्जर दिला. हा माणूसच होता, भूत नव्हे, आणि सामरीपेक्षा कितीतरी भयंकर. म्हणजे अभिनय येत होता. चित्रपटसृष्टीने समंजसपणे तिकडे काणाडोळा केला.

वाशीचा पूल कुणी बांधला, हे त्यावरून रोज जाणाऱ्याला विचारा. सांगता येणार नाही. सामरी कोण, हे पंचेचाळिशी ओलांडलेला कुणीही झोपेत सांगेल. म्हणून नेरूळच्या क्लासवाल्यांना विनंती, की आयआयटीला लागलेल्या पोरांचे फोटो फलकावर लावताना रुडकीच्या या माजी विद्यार्थ्याचाही लावावा, मेकअपसकट. रात्रीच्या बॅचची पोरं निदान रेंगाळणार नाहीत.