दहा भोकं

लेकीनं फोनवर ‘स्मॉल ग्रुप’ हा शब्द तीनदा उच्चारला. आठ सीटांची व्हॅन, गाईडच गाडी चालवणार, सकाळी आव्हिन्याँहून निघायचं, ओराँज, पाँ द्यु गार आणि नीम अशी तीन रोमन ठिकाणं बघायची आणि संध्याकाळी परत. तिला आणि जावयांना रजा मिळत नव्हती, म्हणून आईबाबांची ही सोय. ऐकून मला हायसं वाटलं. आजवर मी ज्या सहलींना गेले त्यांत पन्नासच्या खाली माणसं कधी नव्हती, आणि प्रत्येक सहलीत निघायच्या वेळी मोजणी केली की एक माणूस कमी भरायचा. तो आमच्याच घरचा असायचा. आठांत तो हरवणार तरी कसा, असा माझा भाबडा हिशेब.

आमचे हे पाटबंधारे खात्यातून उपअभियंता म्हणून निवृत्त झाले. खातं सुटलं, पाणी सुटलं नाही. देवळात गेलं की सगळे गाभाऱ्याकडे जातात; हे मागच्या अंगाला जाऊन अभिषेकाचं पाणी कुठून बाहेर पडतं ते बघतात आणि पुजाऱ्याला उताराबद्दल दोन शब्द ऐकवून येतात. फ्रान्सला जायचं ठरल्यापासून ह्यांच्या उशाशी पाँ द्यु गार ह्या रोमन पुलाचे कागद होते.

माझं म्हणाल तर रोमन लोकांशी वैर नाही, पण ओढही नाही. मी देवगडची. माझं सगळं लक्ष ब्राँदादवर होतं. ही नीम गावची खासियत. खारवलेला कॉड मासा भिजत घालायचा, शिजवायचा आणि ऑलिव्हचं तेल नि दूध सोडत लोण्यासारखा होईपर्यंत घोटायचा. गंमत म्हणजे नीमला समुद्र नाही. उत्तरेकडच्या कोळ्यांना मासे खारवायला मीठ लागायचं, ते दक्षिणेतल्या मिठागरांवरून न्यायचे आणि बदल्यात खारा मासा देऊन जायचे, त्यातून हा पदार्थ झाला. पुण्यात आमच्या सोसायटीत मी तीस वर्षं खिडक्या लावून सुके बोंबील भाजते आहे. खाऱ्या माशाचा अभिमान बाळगणारं एक अख्खं गाव जगात आहे म्हटल्यावर मला त्या गावाला भेटायचंच होतं.

व्हॅनमध्ये आमच्याखेरीज स्कॉटलंडच्या दोन वयस्कर बहिणी, एक नवं लग्न झालेलं कोरियन जोडपं आणि कॅनडातले एक निवृत्त लॅटिन मास्तर. सात झाले, आठवी गाईड, तिशीतली चुणचुणीत पोरगी. तिनं गाडी सुरू करायच्या आधी वेळापत्रक सांगितलं. ओराँजला पन्नास मिनिटं, पुलापाशी सव्वा तास, नीमला दोन तास, जेवण त्यातच. एवढं मोठं साम्राज्य, आमच्या वाट्याला चार तास पाच मिनिटं.

ओराँजचं लवकर उरकते, कारण आम्हीही तसंच उरकलं. तिथे रोमन नाट्यगृह आहे आणि त्याची मागची भिंत अजून सबंध उभी आहे: १०३ मीटर लांब, ३७ मीटर उंच. चौदाव्या लुईनं तिला आपल्या राज्यातली सर्वांत सुंदर भिंत म्हटल्याचं सांगतात. कोनाड्यात साडेतीन मीटरचा ऑगस्टस उभा आहे. हॉलंडचे खेळाडू नारिंगी कपडे घालतात ते ह्या गावाच्या नावावरून, फळावरून नव्हे; इथली जहागीर त्यांच्या राजघराण्याकडे होती. हे सगळं गाईड सांगत असताना आमच्यातला एक माणूस कमी होता. तो पायऱ्यांच्या तळाशी ओणवा होऊन पावसाचं पाणी कुठे जातं ते शोधत होता. लॅटिन मास्तर त्याच्याकडे कौतुकानं बघत होते. मला तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

पाँ द्यु गारला झाडीतून वळलो आणि पूल समोर आला. हे थांबले. मला बघायला आले होते तेव्हासुद्धा हे असे थांबले नव्हते, सरळ पोह्यांकडे गेले होते.

खोटं कशाला बोलू, थांबण्यासारखाच आहे. एकावर एक तीन मजले कमानींचे. खाली सहा, मधे अकरा, वर बारक्या बारक्या पस्तीस. उंची ४९ मीटर. खालच्या दोन मजल्यांत चुन्याचा थेंब नाही, नुसते दगडावर दगड, काही दगड तर सहा-सहा टनांचे. आणि एवढा सगळा थाट कशासाठी? तर सगळ्यात वरच्या मजल्याच्या डोक्यावरून एक पाट जातो, तेवढ्यासाठी. नदी आडवी आली म्हणून पाट तिच्यावरून नेला. युझेसजवळच्या झऱ्याचं पाणी नीमला आणायचं होतं. सरळ रेषेत वीसेक किलोमीटरचं अंतर, पण मधे डोंगर, म्हणून वळसे घेत पन्नास किलोमीटर आणलं.

“आणि पन्नास किलोमीटरमध्ये एकूण उतार किती?” ह्यांनी मला विचारलं. मी गप्प. “साडेबारा मीटर! अगं, एकास चार हजार! किलोमीटरला वीतभर! दुर्बिणीची लेव्हल नाही, काही नाही!”

हे इतक्या मोठ्यानं की स्कॉटिश बहिणींना वाटलं ही आमच्याकडची प्रार्थना असावी. त्यांनी माना झुकवल्या.

मग ह्यांनी खिशातून फोन काढला, त्यातलं लेव्हल बघायचं ॲप उघडलं आणि कठड्यावर फोन आडवा ठेवून श्वास रोखून बुडबुड्याकडे बघत बसले. लॅटिन मास्तर जवळ येऊन अदबीनं म्हणाले की आपण उभे आहोत तो भाग रोमन नाही, रोमन पुलाला चिकटून अठराव्या शतकात गाड्यांसाठी बांधलेला आहे. ह्यांनी फोन असा उचलला, जसा काही शेण लागलेल्या पाटावर ठेवला होता.

पण मास्तरांनी लगेच भरपाई केली. म्हणाले, ह्या पुलाच्या दगडांवर गवंड्यांनी खुणा कोरलेल्या आहेत. एक आहे ‘एफ आर एस’ आणि पुढे तीनचा रोमन आकडा. फ्रॉन्स सिनिस्ट्रा, म्हणजे पुढची बाजू, डावीकडचा तिसरा. ह्यांचा चेहरा उजळला. “आम्हीपण असेच नंबर टाकायचो,” हे म्हणाले. “फक्त ऑइलपेंटनं.” दोन हजार वर्षांपूर्वीचा कुणी मुकादम आणि आमचे हे ह्यांच्यामध्ये लॅटिन भाषेमार्गे नातं जुळलं, आणि मी सहलीपुरती विधवा झाले.

ह्या पाटानं दिवसाला चार कोटी लिटरच्या आसपास पाणी नीमला जायचं असा अंदाज आहे. कारंजी, स्नानगृहं, श्रीमंतांच्या बागा. मग चौथ्या शतकापासून देखभाल ढिली पडली. पाणी चुनखडीचं, पाटाच्या भिंतींवर थर चढत गेले, काही जागी दोन्ही बाजूंनी दीड-दीड फूट. पाट अरुंद होत होत बंद पडला. रोमन साम्राज्य का बुडालं ह्यावर विद्वानांनी कपाटंच्या कपाटं भरली आहेत. ह्यांनी तिथे उभ्या उभ्या निकाल दिला: “देखभाल-दुरुस्तीचं अनुदान थांबलं. दुसरं काही नाही.” मास्तरांनी वहीत लिहून घेतलं.

नीमच्या रस्त्याला लागलो तेव्हा गाईडनं कोरियन मुलीच्या जीन्सकडे आरशातून बघत सांगितलं की हे कापड आमच्या गावचं. ‘द नीम’, म्हणजे नीमचं. त्याचं इंग्रजांनी डेनिम केलं. सगळे वाहवा करू लागले. आता मात्र मला राहवेना. मी म्हटलं, बाई गं, डंगरी हा शब्द ऐकलास का? तो आमच्या मुंबईच्या डोंगरीवरून आला. तिथे जाडंभरडं सुती कापड विकलं जायचं, गोऱ्यांनी ते नेलं, कामगारांच्या विजारी शिवल्या आणि नाव लावलं डंगरी. म्हणजे जगातले अर्धे कामकरी तुमच्या गावच्या नावात आणि अर्धे आमच्या. मी स्वतः पंजाबी ड्रेसमध्ये होते, त्यामुळे माझं बोलणं निःपक्षपाती वाटलं असावं. गाईड म्हणाली, पुढच्या ग्रुपला हे नक्की सांगेन. सहलीत मी एवढी एकच भर घातली.

नीम हे नाव ऐकून मला कडूपणाचा अंदाज यायला हवा होता, पण पोहोचताना मी खुशीत होते. साडेबारा वाजले होते. गावभर पामच्या झाडाला साखळीनं बांधलेली मगर दिसते, रस्त्यात, खांबांवर, सगळीकडे. इजिप्त जिंकल्याची ती रोमन खूण. मी मगरीकडे बघत ब्राँदादचे फलक मोजत होते. चार झाले.

आधी आखाडा. लंबगोल, चोवीस हजार माणसं बसतील एवढा. मला त्यातली एकच गोष्ट आवडली. साम्राज्य गेल्यावर लोकांनी आत घरं बांधली आणि शेकडो वर्षं संसार केले. एके काळी सातशेच्या आसपास माणसं आत राहात होती, दोन छोटी चर्चंही होती. ग्लॅडिएटर मेले तिथे कुणीतरी पापड वाळत घातले असतील, ह्या विचारानं मला त्या दगडांबद्दल पहिल्यांदा जिव्हाळा वाटला.

मग मेझाँ कारे. नावाचा अर्थ चौकोनी घर, आहे मात्र चांगलं लांबट देऊळ, कालच चुना दिल्यासारखं. त्याच्या कपाळावर पूर्वी ब्राँझची अक्षरं ठोकलेली होती. ती केव्हाच गेली, राहिली खिळ्यांची भोकं. सेगिए नावाच्या इथल्याच विद्वानानं १७५८ मध्ये त्या भोकांच्या जागांवरून अक्षरं ओळखली आणि देऊळ गायस आणि लुसियस ह्या ऑगस्टसच्या दत्तक घेतलेल्या नातवांच्या नावानं आहे हे वाचून दाखवलं. हे सांगताना लॅटिन मास्तरांचे डोळे भरून आले. मलाही बरं वाटलं. नुसत्या भोकांवरून एवढं ओळखणारा माणूस घरी किती उपयोगाचा, असंही मनात आलं.

“आता जेवण,” गाईड म्हणाली. “दोन पस्तीसला गाडीपाशी. आणि लक्षात ठेवा, इथली किचनं दोनला बंद होतात.”

एक वीस झाला होता. समोर पाचवा फलक होता. मी पाऊल उचललं.

“चला, बरोबरच जेवू,” असं मी स्कॉटिश बहिणींना म्हणणार इतक्यात ह्यांनी माझं कोपर धरलं. आवाज खाली आणून म्हणाले, “मलाही भोकं बघायची आहेत. दहा आहेत. दहाच मिनिटांवर.” मागे लॅटिन मास्तर टोपी घालून तयार. म्हणजे पुलावरच कट शिजला होता.

दहा मिनिटं फ्रेंच माणसाची. चढ होता. वर एका साध्या गल्लीत, घरांच्या मधे, लोखंडी कठड्यामागे ते होतं. कास्तेल्लुम. पन्नास किलोमीटर चालून आलेलं पाणी गावात शिरायचं ती जागा. गोल हौद, आमच्या हॉलपेक्षा थोडा मोठा, आणि त्याच्या काठच्या दगडांत ओळीनं दहा भोकं, प्रत्येक कळशी आरपार जाईल एवढं. पाणी नाही, पाटी छोटीशी, दुसरं कुत्रं तिथे आलेलं नव्हतं. एक मांजर होती.

ह्यांनी चप्पल काढली नाही एवढंच. “दहा शिशाच्या नळ्या,” हे हलक्या आवाजात सांगू लागले. “दहा पेठांना. आणि तळाला ती तीन बघ, गाळ काढायला. काय डोकं आहे! वाटप बघ!” मग मास्तरांशी चर्चा सुरू झाली. दुष्काळात कुणाचं आधी बंद करायचं? ह्यांचं इंग्रजी कालव्याच्या टेलसारखं, म्हणजे शेवटच्या टोकासारखं, मधेच आटतं. ते हातांनी बोलत होते, हवेत गेट वर घेत होते, खाली टाकत होते. मास्तर लॅटिन शब्द पुरवत होते. हेडचा, म्हणजे तोंडाजवळचा, माणूस सगळं पितो आणि टेलच्या माणसाला काही पोहोचत नाही, हे रोममध्येही तसंच होतं असं मास्तर म्हणाले; लोक चोरून नळ्या जोडायचे. हे ऐकून ह्यांना जो आनंद झाला तो मी वर्णू शकत नाही. ह्यांनी मास्तरांना मिठी मारली.

मी समोरच्या पायरीवर बसले होते. एक पन्नास. वरच्या खिडकीतून वास आला: लसूण, गरम तेल आणि त्याखाली ओळखीचा, खारट, ओला वास. मला आणि मांजरीला तो एकदमच आला. आम्ही दोघींनी वर पाहिलं.

खाली पोहोचलो तेव्हा दोन वाजून सात मिनिटं झाली होती. वेटरनं फार सभ्यपणे सांगितलं की किचन बंद आहे, आइस्क्रीम मिळेल. ह्यांनी पिशवीतून लोणावळ्याची चिक्की काढली. मास्तरांनी ती दोन्ही हातांत घेऊन, दाणा दाणा बघत खाल्ली आणि हिचं मूळ कुठलं असं विचारलं. मी उत्तर दिलं नाही.

गाडीपाशी मोजणी झाली तेव्हा दोन माणसं कमी होती. जन्मात पहिल्यांदा आमची नव्हती. स्कॉटिश बहिणी पाच मिनिटांनी धापा टाकत आल्या, क्षमा मागितली आणि माझ्या शेजारी बसल्या. जेवण लांबलं म्हणाल्या. काय घेतलं, असं मी विचारायला नको होतं. ब्राँदाद. चांगली होती, धाकटी म्हणाली, पण खारट; दोघींनी अर्धीअर्धी ताटात टाकली.

आता हा फोटोंचा अल्बम समोर आहे. आव्हिन्याँ चार, ओराँज सहा, पूल एकशे दहा, भोकं एक्केचाळीस. मी एका फोटोत आहे, पायरीवर, मांजरीसकट.

नीमला जाणार असाल तर एक सांगते. ती भोकं रस्त्याच्या कडेला आहेत, तिकीट नाही, कठड्याबाहेरून सगळी दिसतात, जेवून गेलात तरी दहाच असतात. किचन मात्र दोनला बंद होतं.