डिकीतला पाटा

पंपावरचा मुलगा नळी हातात घेऊन म्हणतो, “काकाजी, झीरो बघून घ्या.” मी बघतो. त्या यंत्रावर मला आवडणारा तो एकमेव आकडा आहे. पुढचं बघवत नाही. लिटरचा आकडा वरातीतल्या नवरदेवासारखा थांबत थांबत सरकतो आणि रुपयांचा आकडा पंगतीकडे निघालेल्या वऱ्हाड्यांसारखा धावतो.

गाडीचं नाव सांगत नाही. सोळा वर्षांच्या सोबतीनंतर कुणाच्या खाण्यापिण्याची चर्चा नावानिशी करणं बरं दिसत नाही. एवढंच सांगतो की वर्ध्याच्या पासिंगची आहे, एमएच-३२, २००९ ची. उंच, रुंद, सात माणसांची, वजनाला दोन टनांपेक्षा जराशी कमी. पंधरा वर्षं झाली तेव्हा आरटीओत जाऊन पुन्हा नोंदणी केली, पर्यावरण कर भरला आणि तिला पाच वर्षं वाढवून आणली. बँकेनं मला साठीला हार घालून घरी पाठवलं. मुदतवाढ गाडीला मिळाली.

आमच्याकडे म्हशीबद्दल आणि गाडीबद्दल एकच प्रश्न विचारतात : “किती देते?” म्हशीच्या बाबतीत माणूस खरं सांगतो, कारण विचारणारा संध्याकाळी धार काढताना येऊन उभा राहू शकतो. गाडीच्या बाबतीत तो धोका नाही. मी वर्षानुवर्षं “बारा” सांगत आलो. नव्या गाडीच्या वेळी कुणीतरी मला बारा सांगितलं होतं, तेच मी पुढे चालवलं. बँकेत याला शिल्लक न तपासता पुढे ओढणं म्हणतात आणि त्यावर मी कितीतरी कारकुनांना बोललो आहे.

शेवटी आर्वी नाक्याजवळच्या आमच्या मिस्त्रीकडे गेलो. म्हटलं, “गाडी फार डिझेल पिते रे.”

“किती पेते?”

“पाचशेचं टाकलं की दोन दिवसांत काटा खाली.”

त्यानं माझ्याकडे दयेनं बघितलं. “काकाजी, तुम्ही बँकेत होते ना जी? पाचशे रुपये टाकून कोणी ॲव्हरेज काढते का?”

मग त्यानं रीत सांगितली. टाकी फुल करायची, नोझल आपोआप कट होईपर्यंत. मीटर लिहून घ्यायचं. गाडी रोजच्यासारखी चालवायची. मग त्याच पंपावर पुन्हा आपोआप कट होईपर्यंत भरायचं आणि जितके लिटर बसले त्यानं किलोमीटरला भागायचं. काट्यावर भरोसा ठेवायचा नाही, काटा चढावर एक सांगतो आणि उतारावर दुसरं. मी चाळीस पानी वही घेतली. पंधरा दिवसांनी भागाकार केला : ४१२ किलोमीटर, ४७ लिटर. पावणेनऊ.

बाराचे पावणेनऊ! गेली सोळा वर्षं शेजाऱ्यांना मी जे फुगवून सांगितलं, ते सगळं एका ओळीत उतरलं. पण खरं सांगतो, खोटा आकडा छातीशी धरून फिरण्यापेक्षा खरा आकडा वहीत असणं बरं वाटलं. कर्ज किती आहे हे कळलेला माणूस निदान झोपतो तरी.

मग तपासणी झाली. मिस्त्रीनं एअर फिल्टर काढला आणि दगडावर आपटला. त्यातून धूळ निघाली, तुरीचा भुसा निघाला, कापसाचे तंतू निघाले. देवळीपासून हिंगणघाटापर्यंतचा सगळा हंगाम त्या जाळीत जमला होता. “एवढं नाकात असल्यावर माणूस तरी श्वास घेईन का जी?” मग मागचं डावं चाक जॅकवर उचलून त्यानं हातानं फिरवलं. ते अर्धा फेरा फिरून थांबलं. ब्रेक दाबलेला नव्हता, तरी आतला लायनर ड्रमला घासत होता. म्हणजे मी एका पायानं ॲक्सिलरेटर दाबत होतो आणि गाडी स्वतःच मागून ब्रेक लावत होती. अनेक संसार याच तत्त्वावर चालतात, पण ॲव्हरेज पडतो हे खरं.

हवा बघितली, ती २४ होती. पाहिजे होती ३५. किती पाहिजे हे ड्रायव्हरच्या दाराच्या आत चिकटवलेलं असतं. सोळा वर्षांत ते स्टिकर मी पहिल्यांदा वाचलं. हवा कमी असली की टायर रस्त्यावर चेपत, मळत जातो आणि ते मळण्याचे कष्ट डिझेलला पडतात. हवा सकाळी, टायर थंड असताना बघायची. मे महिन्याच्या दुपारी आपल्या डांबरावरून आलेला टायर कितीही हवा दाखवेल.

एक दिलासाही मिळाला. भाच्यानं दोन वर्षांपूर्वी गाडी ‘भारी दिसावी’ म्हणून मापापेक्षा मोठे टायर बसवले होते. मीटर चाकाचे फेरे मोजतं, चाकाचा घेर बदलला हे त्याला कुणी सांगत नाही. घेर चार टक्के वाढला की शंभर किलोमीटर चाललेली गाडी शहाण्णवच दाखवते. म्हणजे माझे पावणेनऊ खरे नऊच्या थोडे वरच होते. एक रुपया न खर्चता गाडी सुधारल्याचा तो पहिला आणि शेवटचा प्रसंग.

लायनर, फिल्टर, हवा, सगळं झालं. टपावरचं लोखंडी कॅरिअर काढलं. २०१४ साली एका लग्नाच्या पलंगासाठी ते लावलं होतं. त्या जोडप्याला दोन मुलं झाली तरी मी ते वाऱ्यात मिरवत होतो. पुढच्या भागाकाराला सव्वादहा आले. मी खूश होऊन मिस्त्रीला सांगायला गेलो. तो म्हणाला, “अजून एक पार्ट बाकी आहे जी.”

“कोणता?”

“तुमचा पाय.”

पायाचा अभ्यास मी येळाकेळीहून समृद्धी महामार्गावर चढून केला. तिथे मोटारींना १२० ची परवानगी आहे आणि परवानगी म्हणजे आज्ञा अशी आपली समजूत असते. पण हवेचं गणित वेगळं आहे. वेग दीडपट झाला की हवेचा विरोध सव्वादोनपट होतो. ८० नं जाताना जी हवा बाजूला सरकून वाट देते, तीच १२० ला छातीवर हात ठेवून उभी राहते. त्यातून माझ्या गाडीची पुढची बाजू एखाद्या गोदरेजच्या कपाटासारखी. कपाट उभं धरून धावायचं तर दम लागणारच. साठ किलोमीटरच्या टप्प्यात १२० नं गेलं तर पंधरा मिनिटं वाचतात. ती मी नागपुरात पोहोचल्यावर सीताबर्डीत गाडी लावायला जागा शोधण्यात खर्च केली. पेट्रोलियम कॉन्झर्वेशन रिसर्च असोसिएशन ही संस्था १९७८ पासून तेल वाचवायचे उपाय सांगत आली आहे. ताशी ४५ ते ५५ नं चाला, थांबलात तर इंजिन बंद करा. एवढं सावकाश समृद्धीवर गेलो तर मागचे ट्रकवाले मला समाजसुधारक समजणार नाहीत, पण ८० मला जमलं.

उतारावर न्यूट्रल मारण्याची विद्या मला एका नातेवाइकानं शिकवली होती. तळेगावजवळ अमरावती रस्त्याला सत्याग्रही घाट लागतो, तिथे मी ती वापरायचो. मिस्त्रीनं ती सोडवली. गाडी गियरमध्ये ठेवून पाय काढला तर चाकंच इंजिनाला फिरवतात, डिझेल जवळजवळ बंद होतं आणि गाडी आवरलेली राहते. न्यूट्रलमध्ये इंजिनाला जिवंत राहायला डिझेल लागतंच आणि सगळा भार ब्रेकवर येतो. म्हणजे मी जीव धोक्यात घालून डिझेल जाळत होतो. घाटाचं नावच सत्याग्रही आहे, तिथे असली लबाडी चालायची नव्हतीच.

सगळ्यात लाजिरवाणा हिशेब मात्र जवळच्या फेऱ्यांचा निघाला. गोरसपाकच्या बिस्किटांचा पुडा आणायला दीड किलोमीटर. इंजिन गरम होईपर्यंत ते जास्त पितं आणि गरम होतं तोवर मी परत घरी. उन्हाळ्यात मंगल कार्यालयाबाहेर एसी लावून बसलो की तासाला पाऊण-एक लिटर जातं आणि चाक हललेलंच नसतं, म्हणजे ॲव्हरेज शून्य. झीरो बघून घ्या!

रात्री बसून आणखी एक भागाकार केला, तो करायला नको होता. डिझेलच्या ताकदीतला जेमतेम पाव ते तिसरा हिस्सा चाकांपर्यंत पोहोचतो, बाकी उष्णता होऊन जातो. जो पोहोचतो तो दोन टनांचं लोखंड ओढतो. त्या लोखंडात मी ६८ किलोचा. म्हणजे शंभर रुपयांच्या डिझेलमधला एखादा रुपया मला नेण्यासाठी आणि उरलेले नव्व्याण्णव उष्णतेसाठी आणि गाडीला गाडी नेण्यासाठी. गोरसपाक तर त्यात पैशांतच येतो.

अशा वेळी वर्ध्याच्या माणसाला आपल्याच गावातली एक मोटार आठवते. १९३६ साली गांधीजी सेगावला राहायला गेले, पुढे त्याचं सेवाग्राम झालं. वर्धा ते सेगाव ने-आण करायला जमनालाल बजाजांनी आपल्या जुन्या फोर्ड मोटारीला बैल जोडले. आश्रमात त्या वाहनाला गमतीनं ‘ऑक्स-फोर्ड’ म्हणत, असं सांगतात. पुढे महायुद्धात पेट्रोलवर रेशन आलं तेव्हा देशात मागे भट्टी बांधलेल्या, कोळशाच्या गॅसवरच्या बसगाड्या धावू लागल्या. आमच्या वर्ध्यानं त्या आधीच लिटरचा प्रश्न वैरणीवर सोडवला होता. जमनालालजींनी शेवटच्या दिवसांत गोसेवेला वाहून घेतलं, ते १९४२ साली गेले आणि त्यांच्याच घराण्यानं नंतर साऱ्या देशाला स्कूटरवर बसवलं. विनोबांनी तर वाहनच वजा केलं. १९५१ च्या मार्चमध्ये ते इथून हैदराबादजवळच्या शिवरामपल्लीला पायी निघाले. एक माणूस न्यायला बरोबर एकच माणूस लागला. अशा गावात राहून मी दोन टनांच्या गाडीतून बिस्किटं आणतो.

वजनावर विचार करता करता डिकी आठवली. बायकोला म्हटलं, “चल, आज डिकी रिकामी करू.” सतरंजी निघाली, क्रिकेटची बॅट निघाली, वीस लिटरची पाण्याची कॅन निघाली, कुटाराचं अर्धं पोतं निघालं (आमच्याकडे आता गाय नाही). आणि सगळ्याच्या खाली, गोणपाटात गुंडाळलेला, काळा कुळकुळीत पाटा आणि वरवंटा. हा आर्वीच्या आत्याला द्यायचा होता. तीन वर्षांपूर्वी.

काट्यावर ठेवला. २२ किलो. वजन एक टक्का वाढलं की डिझेल साधारण अर्धा टक्का वाढतं, असा हिशेब धरला तर तीन वर्षांत त्या पाट्यानं एकट्यानं पंधरा लिटरपेक्षा जास्त डिझेल प्यायलं होतं. तेवढ्या पैशांत टाकी लावलेला नवा पाटा दारात आला असता. मिस्त्रीला सांगितलं तर म्हणाला, “तीन वर्षं झाले? मंग आत्याबाई मिक्सरात वाटत असन जी आतालोक.”

दिवाळीला मुलं आली. लेक, जावई, मुलगा, आम्ही दोघं आणि आर्वीला माहेर असलेल्या शेजारच्या आजी, असे सहा जण पाटा पोहोचवायला निघालो. मधली सीट कुरकुरली, सगळ्यात मागची सीट कितीतरी वर्षांनी उघडली. लेकीनं तिच्या फटीतून स्वतःची शाळेतली रिबन काढली. गाणी कोणती लावायची यावरून भांडण झालं. मी ६५ च्या वर गेलो नाही आणि कुणी म्हणालंही नाही की हळू चाललीय.

आत्या चौऱ्याऐंशीची. तिनं पाट्यावरून हात फिरवला आणि म्हणाली, “चांगला आहे रे बाबू. पण आता माझ्यानं कुठं वाटणं होते? ने परत.” मग म्हणाली, “आणि मलेही चार दिवस ने वर्ध्याले.”

येताना पाटा डिकीत, त्यावर संत्र्यांची दोन कॅरेट आणि आत्या पुढच्या सीटवर. घरी येऊन भागाकार केला. जाताना १०.८ आणि येताना १०.४. पडलाच होता. पण वहीत मी त्या दिवशी नवा रकाना आखला, ‘माणशी’. जाताना सहा जण, ६४.८. येताना सात जण, ७२.८. एकट्यानं चालवली तर माझी स्कूटरही एवढं देत नाही. ही गाडी सात माणसांसाठी घेतली होती आणि तिच्या पोटात सात माणसं भरली की ती अजूनही हिशेबात बसत होती. दोष काढायचा तर रिकाम्या सहा जागांचा काढायला हवा होता, मी तो पंपाचा, फिल्टरचा आणि मिस्त्रीचा काढत बसलो होतो.

आता गोरसपाक मी पायी आणतो. गाडी निघायची म्हटलं की आधी गल्लीत हाक मारतो, कुणाला यायचंय का? एक-दोघं निघतातच.

पाट्याचं काय झालं? दुसऱ्या दिवशी सकाळी आत्यानं तो उतरवून घेतला, धुतला, अंगणात मांडला आणि पुण्याच्या जावयाला ठेचा वाटायला बसवलं. तो घाम पुसत वर बघून म्हणाला, “मामा, हा एवढे दिवस गाडीत होता? फार जड आहे हो.”

म्हटलं, “तीन वर्षांत मला कुठं कळलं.”