शब्द बदलून मिळतील

बुलडाणा जिल्ह्यातल्या कुठल्याही तालुक्याच्या गावी जा, कॉलेजच्या फाटकासमोरच्या झेरॉक्सच्या दुकानात पर्यायराव बसलेले असतातच. समोर काँप्युटर, मांडीवर पानं सुटलेला शब्दकोश आणि चेहऱ्यावर शल्यविशारदाचं गांभीर्य.

२०१८ साली विद्यापीठ अनुदान आयोगानं वाङ्मयचौर्याचे नियम काढले. साम्य १० टक्क्यांपर्यंत असलं तर माफ; प्रबंधात ६० टक्क्यांच्या वर गेलं तर नोंदणीच रद्द. चोरी बंद व्हावी म्हणून केलेल्या या नियमांवर पर्यायरावांचं दुकान मात्र छान चाललं.

"भाऊ, बासष्ट टक्के दाखवून राह्यलं!" पोरगं रडकुंडीला येऊन पेनड्राइव्ह पुढं करतं.

"काहून घाबरतं बे? संध्याकाळी ये. आठवर आणून ठेवतो."

पद्धत सोपी आहे. अर्थाच्या वाटेला जायचं नाही, दिसेल तो शब्द बदलायचा. मूळ मजकुरात असतं, 'लोणारला उल्का आदळली आणि त्या आघातानं बेसॉल्ट खडकात काच तयार झाली.' ही काच म्हणजे मॅस्केलिनाइट, उल्कापाताचा भक्कम पुरावा. पर्यायरावांच्या हातून वाक्य बाहेर पडतं ते असं : 'लोणारास तुटता तारा धडकला व त्या धक्क्यापायी पाषाणात आरसा बनला.' २०२० च्या जूनमध्ये सरोवराचं पाणी गुलाबी झालं ते क्षारप्रेमी सूक्ष्मजीवांमुळे. प्रबंधात ते 'मिठावर जीव जडलेल्या किरकोळ प्राण्यांपायी' होतं.

विशेषनामांनाही सुटका नाही. पैनगंगेची पैनभागीरथी होते, देऊळगाव राजाचं मंदिरग्राम भूपती. सिंदखेड राजातल्या लखुजी जाधवांच्या वाड्याची त्यांनी एकदा 'लखुजी यादवांची हवेली' केली. जाधव घराणं स्वतःला देवगिरीच्या यादवांचं वंशज मानतं, तेव्हा हा एक बदल चुकून बरोबर निघाला. हे सांगितलं तर पर्यायराव दचकले. "बरोबर आलं? मंग कुठंतरी छापलेलं असंन. बदला ते!"

त्यांच्यावर नुसतं हसून भागणार नाही. मशीन शब्द मोजतं, मार्गदर्शक टक्के पाहतात, पोराला पदवी हवी असते. या साखळीत मजकूर शेवटपर्यंत वाचणारे एकटे पर्यायरावच, आणि त्यांनाही तो समजून घ्यायचा नसतो. सरोवराला त्यांच्याकडे सात प्रतिशब्द आहेत. सरोवर मात्र त्यांनी पाहिलेलं नाही.

तेव्हा पोरांनो, पर्यायरावांना द्यायचे पैसे खिशात ठेवा आणि मेहकरहून लोणारची एसटी धरा. काठावर उभं राहून जे दिसेल ते आपल्या बोलीत लिहा. चार ओळीच होतील, पण त्या बदलून घ्यायला कुणाच्या दारात जावं लागणार नाही.