जथा तो जथाच

"काय गं, ऐकते ते खरं का? तुझ्या पोराचा ग्रुप फुटला म्हणे?"

"तुम्हाला कोणी सांगितलं काकी?"

"कोणी सांगायला कशाला हवं? रोज संध्याकाळी आपल्या माहुलच्या जेट्टीवर पाच-सहा जण गोल करून उभे असायचे. एक तोंडाने फटफट आवाज काढायचा, दुसरा हातवारे करून बोलायचा. परवापासून तुझाच एकटा उभा असतो."

"नावावरून वाजलं हो. यूट्यूबवर गाणं टाकायचं होतं. आमचा म्हणाला, माझं नाव आधी. दुसरा म्हणाला, बीट माझी आहे. झालं! आता बाईसाहेबांसारखा फुगून बसलाय. मीच त्याला म्हटलं, अरे, ज्या 'स्वदेशी'चे व्हिडिओ रात्ररात्र बघतोस, त्यांच्यात असं नाव आधी-नंतर चालतं का?"

"स्वदेशी? म्हणजे खादीवाले?"

"खादी कुठली! रॅपवाल्यांचा ग्रुप आहे, मुंबईचाच. २०१३ पासूनचा. एमसी मवाली मराठीत गातो. एमसी तोडफोड गुजरातीत गायचा. महार्या हिंदीत. अमरावतीचा सौरभ अभ्यंकर आपलं नाव आकड्यात लिहितो, १०० आरबीएच. तो पुन्हा मराठीतच, पण वऱ्हाडी ठसक्यात."

"मवाली, तोडफोड! ही काय पोलीस चौकीतल्या फळ्यावरची यादी आहे का गं?"

"नावावर जाऊ नका. तोडफोड म्हणजे धर्मेश परमार. मार्च २०२२ मध्ये गेला बिचारा, हार्ट अटॅकने. चोवीस वर्षांचा होता. त्याच महिन्यात त्याचा 'ट्रुथ अँड बास' हा अल्बम आला होता."

"आई गं! चोवीस म्हणजे आपल्या पोरांच्या वयाचाच की."

"तेव्हा आमच्याकडे दोन दिवस टीव्ही बंद होता. रणवीर सिंगनेसुद्धा त्याचा फोटो टाकला होता. तोडफोड 'गली बॉय'मध्ये गायला होता ना."

"तो सिनेमा मी बघितलाय. पण त्यात तर एकच हिरो होता."

"तेच तर! सिनेमा आला १४ फेब्रुवारी २०१९ ला. गोष्ट सुचली ती अंधेरीचा डिव्हाइन आणि कुर्ल्याचा नेझी या दोन रॅपवाल्यांवरून. नेझीने २०१४ मध्ये 'आफत' हे गाणं आयपॅडवर केलं. पुढच्या वर्षी दोघांनी मिळून 'मेरे गली में' काढलं. पण त्याच सिनेमात 'इंडिया ९१' नावाचं गाणं आहे, त्यात एकेक जण येतो आणि आपल्या भाषेत बोलून जातो. मराठी, गुजराती, पंजाबी, सगळं. ते बसवलं विवेक राजगोपालन यांनी. मृदंगम वाजवतात ते. 'त धोम प्रोजेक्ट' म्हणून त्यांनी या 'स्वदेशी'च्या पोरांना कर्नाटक संगीतातले ताल शिकवले. आधी 'त क धि मि' तोंडाने म्हणायचं, मग त्याच मात्रांवर आपले शब्द बसवायचे."

"म्हणजे शिकावं लागतं तर! मला वाटलं नुसतं भरभर बोललं की झालं."

"अहो, भरभर तर आपण दोघीही बोलतो."

"बोल, बोल. पण मला एक सांग, ही पोरं बोलतात कशावर? गाड्या आणि सोन्याच्या चेनी?"

"तसे पुष्कळ आहेत. पण 'स्वदेशी'चं वेगळं. आरेचं माहीत आहे ना, मेट्रो तीनच्या कारशेडसाठी तिथली झाडं तोडणार होते ते? त्यावर २०१९ मध्ये त्यांनी 'द वारली रिव्होल्ट' काढलं. त्यात केलटीपाड्याचे प्रकाश भोईर आहेत. आदिवासी माणूस, आरेतच राहणारे. त्यांचं वारली गाणं आणि त्याला लागून मराठी रॅप."

"मग झाडं वाचली?"

"कुठची? त्याच ऑक्टोबरात रातोरात दोन हजारांच्या वर कापली. सुप्रीम कोर्टाने थांबवलं, तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं."

"मग गाण्याचा उपयोग काय?"

"काकी, आरेच्या पाड्यात माणसं राहतात हेच कितीतरी मुंबईकरांना माहीत नव्हतं. भोईरांचं गाणं पाड्याबाहेर कोण ऐकणार होतं?"

"हे मात्र बरोबर बोललीस. आणि हे काही नवीन नाही हो. आमचे सासरे रिफायनरीत होते ना, ते सांगायचे. सभेत पुढारी बोलायच्या आधी डफ वाजायचा. अण्णाभाऊ साठे, अमर शेख, गव्हाणकर. १९४४ साली लाल बावटा कलापथक काढलं त्यांनी. संयुक्त महाराष्ट्राच्या वेळी तर मैदानं भरायची. आणि अण्णाभाऊ राहायचे कुठे? इथे घाटकोपरला, चिरागनगरात. तिघंही एकापेक्षा एक शाहीर, पण माणसं म्हणायची, आज कलापथक येणार आहे."

"आमच्या पोराला सांगा हे. त्याला वाटतं, सगळं अमेरिकेतून आलं."

"आलं असेलही. तिकडे कोणी सुरू केलं?"

"न्यूयॉर्कला ब्रॉन्क्स म्हणून भाग आहे. ११ ऑगस्ट १९७३ ला तिथे एका बिल्डिंगच्या हॉलमध्ये पार्टी झाली, तिथून धरतात. डीजे होता कूल हर्क. पण पार्टी ठेवली होती त्याच्या बहिणीने, सिंडीने. कशासाठी? शाळा सुरू होणार, नवे कपडे घ्यायला पैसे हवेत म्हणून तिकीट लावलं!"

"घ्या! नाव भावाचं आणि खटाटोप बहिणीचा. तिकडेही तेच."

"आणि तो ब्रॉन्क्स कसला, तर मधोमध मोठा हायवे काढलेला. हजारो बिऱ्हाडं उठवली त्यासाठी. त्या पडक्या वस्तीत हे उगवलं."

"म्हणजे आपले पाइपलाइनवालेच की गं! तानसाच्या पाइपलाइनजवळची घरं पाडली आणि माणसं आणून टाकली आपल्या माहुलात, त्या बहात्तर इमारतींत. इथल्या हवेने तब्येतीला धोका आहे, हे हरित लवादाने २०१५ लाच सांगितलं होतं. तरी आणलीच. मग ती बिचारी विद्याविहारच्या फुटपाथवर जाऊन बसली. २०१९ च्या सप्टेंबरात हायकोर्टाने सांगितलं, माहुलला कोणाला पाठवू नका, घर देता येत नसेल तर महिन्याला १५,००० रुपये भाडं द्या."

"तुम्हाला बरं सगळं पाठ!"

"पाठ कशाला करायला हवं? दोन्ही बाजूंना रिफायनऱ्या, नाक तर रोजच आठवण करून देतं. यावर तुझ्या पोराने काय लिहिलंय?"

"लिहिलंय की. मर्सिडीजवर."

"त्याच्याकडे सायकल तरी आहे का?"

"म्हणून तर मी म्हणते, त्या धारावीच्या पोरांकडे बघ. 'स्लमगॉड्स'नी वस्तीतल्या मुलांना फुकटात ब्रेकडान्स शिकवला. 'डोपॅडेलिक्स' या रॅप ग्रुपने पोलीस पोरांना उगाच धरतात त्यावर गाणं केलं, 'आई शप्पथ साहेब मी नव्हतो'. मराठी, तमिळ, हिंदी, जी भाषा गल्लीत चालते ती गाण्यात. आणि त्यांनाच २०१८ मध्ये रजनीकांतच्या 'काला'त घेतलं."

"रजनीकांतच्या! मग यांचं तर सोनं झालं. पण बघ, ग्रुप म्हणूनच घेतलं ना? एकटा शाहीर दमतो गं. एकाचा घसा बसला तर दुसरा उचलतो, एक गेला तरी त्याचे शब्द बाकीचे पुढे नेतात. जथा तो जथाच."

"पण आता भांडलेत त्याचं काय करू?"

"मी सांगते. माघी गणपतीला मंडळाच्या स्टेजवर अर्धा तास मी मिळवून देते, अध्यक्ष माझा भाचाच आहे. पण अट आहे. एकट्याला माइक मिळणार नाही. भांडलेल्या पोराला परत आणायचं. शिवाय त्या इमारतींतली दोन पोरं सोबत घ्यायची, कारण गावठाणातलं पोर मासेमारीचं सांगेल, घर पाडल्याचं कोण सांगणार? गुजरातीत गाऊ दे, हिंदीत गाऊ दे, माझं काही म्हणणं नाही. नावं एकाखाली एक नकोत, ग्रुपचं एकच नाव टाका. आणि मर्सिडीज नको. माहुलचं गाणं हवं. आहे कबूल, तर आजच येऊन भेट म्हणावं, मंडळाची यादी रविवारी पक्की होते."